किनुयो तनाका यांची पन्नास वर्षे कोणाच्या नावावर?

चित्रपटाचा इतिहास आपण दिग्दर्शकांच्या नावांनी लावतो. जपानी चित्रपटाचा विषय निघाला की ओझू, मिझोगुची, नारुसे आणि कुरोसावा ही चार नावे आधी येतात, मग त्यांच्या शैलीची चर्चा होते, आणि त्या चर्चेच्या शेवटी कुठेतरी नटनट्यांचा उल्लेख होतो. या चारही दिग्दर्शकांच्या चित्रपटांत काम केलेली, मूकपटाच्या काळात वयाच्या चौदाव्या वर्षी पडद्यावर आलेली, १९७६ पर्यंत कॅमेऱ्यासमोर उभी राहिलेली आणि मधल्या काळात स्वतः सहा चित्रपट दिग्दर्शित केलेली किनुयो तनाका यांच्यासारखी कलावंत या मांडणीत नेमकी कुठे बसते, हा प्रश्न मला महत्त्वाचा वाटतो. आज बहुतेक ठिकाणी त्यांची ओळख ‘मिझोगुचींची नायिका’ अशी करून दिली जाते. ही ओळख अपुरी आहे, एवढे म्हणून मला थांबायचे नाही. ती चुकीची आहे. ती तशीच चालू राहिल्यामुळे कोणते चित्रपट जतन होतात, कोणते महोत्सवांत दाखवले जातात आणि कोणते अभ्यासक्रमात येतात, यावर प्रत्यक्ष परिणाम झाला आहे, असे माझे म्हणणे आहे.

आधी साधा काळाचा हिशेब पाहू. तनाका यांचा जन्म १९०९ चा, होन्शू बेटाच्या पश्चिम टोकावरच्या शिमोनोसेकी या बंदराच्या गावातला. लहानपणी त्या बिवा हे तंतुवाद्य शिकल्या, ओसाकात मुलींच्या संगीतनाट्याच्या मंडळीत वावरल्या आणि १९२४ मध्ये शोचिकु या कंपनीत दाखल झाल्या. १९३१ मध्ये जपानचा पहिला संपूर्ण बोलपट आला तेव्हा त्यातली पत्नी त्यांनीच रंगवली. प्रेक्षकांत त्यांचे नाव इतके खपत होते, की कंपनीने चित्रपटांच्या शीर्षकांतच ते घातले: १९३० मध्ये ‘किनुयोची कहाणी’, १९३७ मध्ये ‘डॉक्टर किनुयो’, १९४० मध्ये ‘किनुयोचे पहिले प्रेम’. १९३८ चा ‘आइझेन कात्सुरा’ हा एका परिचारिकेच्या आणि डॉक्टरच्या प्रेमाचा चित्रपट तर अफाट चालला. मिझोगुचींबरोबरचा त्यांचा पहिला चित्रपट यानंतरचा, म्हणजे १९४० चा. तो आज उपलब्धही नाही. याचा अर्थ असा, की ज्या दिग्दर्शकाने त्यांना घडवले असे सांगितले जाते, त्याच्याकडे त्या गेल्या तेव्हा त्यांच्या मागे सोळा वर्षांचे काम आणि देशभर ओळखीचे झालेले नाव होते.

युद्धाच्या काळातला एक प्रसंग येथे जवळून पाहायला हवा, कारण नटीच्या कामात निर्णय किती असतो आणि आज्ञापालन किती, हे त्यातून दिसते. १९४४ मध्ये केइसुके किनोशिता यांनी सैन्याच्या प्रेरणेने ‘रिकुगुन’ म्हणजे ‘सैन्य’ हा चित्रपट केला. प्रचारपटच तो. मुलगा रणांगणावर निघतो आणि घरच्यांना त्याचा अभिमान वाटतो, असा त्याचा ठरलेला शेवट होता. तनाका त्यात आईच्या भूमिकेत आहेत. मुलाची तुकडी निघायची वेळ होते. आई घरात एकटी बसली आहे, सैनिकांसाठी असलेले सम्राटाचे आज्ञावचन पुटपुटते आहे, आणि बिगुलाचा आवाज कानावर येताच ती उठून रस्त्याकडे निघते. त्यानंतर कितीतरी वेळ पडद्यावर जवळपास संवाद नाहीत. गर्दीतून वाट काढत, सैनिकांच्या रांगेबरोबर धावत ती मुलाचा चेहरा शोधते, तो सापडल्यावर त्याच्या पावलाला पाऊल लावून चालते, धक्का लागून पडते, पुन्हा उठते आणि अखेर हात जोडून उभी राहते. तिच्या चेहऱ्यावर अभिमान शोधू गेलात तर तो क्षणभर सापडतो, आणि लगेच भीतीखाली बुडून जातो. लष्करी अधिकाऱ्यांना हा शेवट खटकला आणि युद्ध संपेपर्यंत किनोशिता यांना पुढचा चित्रपट करता आला नाही. शेवट तसा चित्रित करण्याचे श्रेय किनोशितांचे आहे, त्याबद्दल वाद नाही. पण प्रचाराच्या वाक्यांतला खोटेपणा उघडा पडला तो एका चेहऱ्यामुळे, आणि त्या चेहऱ्यावर काय दिसावे हे कोणत्याही पटकथेत लिहिता येत नाही.

युद्धानंतर जपानी स्त्रियांना मतदानाचा अधिकार मिळाला आणि १९४६ च्या निवडणुकीत ३९ स्त्रिया संसदेत निवडून आल्या. याच वर्षांत तनाका मिझोगुचींच्या चित्रपटांत एकामागून एक भूमिका करत होत्या: रंगभूमीवरची बंडखोर नटी, स्त्रीहक्कांसाठी झगडणारी कार्यकर्ती, ओसाकाच्या उद्ध्वस्त रस्त्यांवर उभी राहणारी विधवा. मग १९४९ च्या अखेरीस त्या सदिच्छा दूत म्हणून अमेरिकेला गेल्या. जाताना किमोनो नेसून गेल्या आणि १९५० च्या जानेवारीत परतल्या त्या पाश्चात्त्य पोशाखात, गॉगल लावून. स्वागताला जमलेल्या गर्दीकडे त्यांनी हवेतून चुंबने फेकली. एवढ्यावरून वृत्तपत्रांनी त्यांना धारेवर धरले. त्या ‘अमेरिकाळल्या’ असा कल्ला झाला, आणि त्याच सुरात त्या आता म्हाताऱ्या दिसू लागल्या आहेत असेही लिहून आले. तेव्हा त्यांचे वय होते चाळीस. त्या काळात जीव द्यावा असे वाटल्याचे त्यांनी पुढे सांगितले. पराभवाचा आणि परकीय सैन्याच्या वास्तव्याचा सगळा अपमान एका स्त्रीच्या चष्म्यावर आणि कपड्यांवर काढला गेला, असे मला त्या प्रकरणाबद्दल वाटते. सत्ताधाऱ्यांनी अमेरिकेशी केलेल्या तडजोडींचा इतका राग कोणी वृत्तपत्रांतून काढल्याचे दिसत नाही.

यानंतर १९५२ चा ‘ओहारूचे जीवन’ आला. सतराव्या शतकातील क्योतोच्या राजदरबाराच्या सेवेतली एक तरुणी पायरीपायरीने खाली घसरत अखेर रस्त्यावर येते, ही त्याची कथा. या चित्रपटामुळे मिझोगुचींना व्हेनिसमध्ये पुरस्कार मिळाला, त्यांचे नाव युरोपभर झाले, आणि पुढच्या दोन वर्षांत ‘उगेत्सु’ व ‘सान्शो’ या चित्रपटांना तेथेच रौप्यसिंह मिळाले. तिन्हींत तनाका आहेत. आता मिझोगुचींची काम करण्याची रीत कशी होती ते त्यांच्या सहकाऱ्यांनी लिहून ठेवले आहे. ते नटांना हालचाल कशी करावी, शब्द कसा उच्चारावा हे सांगत नसत. तालीम पुन्हा करायला लावत, पुन्हा नाकारत, आणि समोरच्याच्या कृतीला आपल्या मनातून प्रतिसाद येतो आहे का एवढेच विचारत. म्हणजे ओहारूची मान कोणत्या वयात किती झुकावी, ऐन तारुण्यातली चाल आणि पन्नाशीतली चाल यांत काय बदलावे, बुद्धमूर्तींच्या रांगेत जुन्या प्रियकराचा चेहरा दिसल्यावर ओठांवर हसू यावे की येऊ नये, हे तनाका यांनी शोधून काढायचे आणि दिग्दर्शकाने त्यातले निवडायचे, अशी ती वाटणी होती. असे काम करवून घेणे ही मोठीच गोष्ट आहे. पण ज्याने निवडले तो निर्माता आणि जिने शोधले ती साधन, हा हिशेब मला न्यायाचा वाटत नाही.

त्यातही तनाका यांनी पुढे जे केले, त्यामुळे हा हिशेब अजिबातच टिकत नाही. १९५३ मध्ये त्यांनी दिग्दर्शन करायचे ठरवले. त्यांच्या आधी जपानमध्ये कथापट दिग्दर्शित करणारी एकच स्त्री होऊन गेली होती: मिझोगुचींची सहायक असलेल्या ताझुको साकाने यांनी १९३६ मध्ये एक चित्रपट केला, पुढे त्या मांचुरियात माहितीपट करत राहिल्या, आणि युद्धानंतर परत आल्यावर विद्यापीठाची पदवी नाही या कारणाने त्यांना दिग्दर्शनाचे काम मिळाले नाही, चित्रीकरणाच्या नोंदी ठेवण्याच्या कामावर त्यांना समाधान मानावे लागले. स्टुडिओ सहायक दिग्दर्शकांची भरती परीक्षा घेऊन करत, आणि ती वाट पदवीधर पुरुषांसाठी होती. अशा परिस्थितीत स्त्रीला दिग्दर्शनापर्यंत नेणारा रस्ता एकच उरला होता, तो म्हणजे एवढी प्रसिद्धी की कंपनीला नाही म्हणणे जड जावे. तनाका यांच्या लांब कारकिर्दीकडे मी या दृष्टीने पाहतो. एकोणतीस वर्षे त्यांनी जमवलेली पत त्यांनी या एका दारावर खर्च केली. आणि प्रसिद्धीच्या जोरावर आत शिरूनही त्यांनी आधी उमेदवारी केली: मिकिओ नारुसे यांच्या ‘थोरला भाऊ, धाकटी बहीण’ या चित्रपटावर त्यांनी दिग्दर्शकाच्या शेजारी बसून काम शिकून घेतले.

पहिला चित्रपट ‘कोइबुमी’, म्हणजे प्रेमपत्र. पटकथा किनोशितांची. टोकियोच्या शिबुया भागातल्या एका गल्लीत, मायदेशी परतलेल्या अमेरिकन सैनिकांना जपानी मुलींच्या वतीने इंग्रजीत पत्रे लिहून देणारे एक छोटेसे दुकान आहे. युद्धातून परतलेला नायक तेथे पत्रे लिहितो, आणि एके दिवशी त्याची जुनी प्रेयसी त्याच दुकानात येते. तिने एका अमेरिकनाबरोबर संसार केला होता हे कळताच तो तिला बोल लावतो. सगळा चित्रपट या बोल लावण्याभोवती फिरतो. नायकाचा राग आपल्याला समजतो, त्याचे दुःखही खरे आहे, आणि तरीही प्रसंगागणिक आपण त्याच्याकडे अधिकाधिक कठोरपणे पाहू लागतो, कारण हरलेल्या देशाचा न्याय एकट्या बाईकडून वसूल करायचा अधिकार त्याला कोणी दिला हा प्रश्न चित्रपट सोडत नाही. तीन वर्षांपूर्वी विमानतळावरच्या चष्म्यासाठी ज्यांना झोडपले गेले, त्यांनी पहिला चित्रपट या विषयावर करावा, हा मला योगायोग वाटत नाही. हा चित्रपट १९५४ मध्ये कान महोत्सवाच्या स्पर्धेत होता.

दुसऱ्या चित्रपटाच्या वेळी विरोध उघड झाला. यासुजिरो ओझू यांनी सहलेखकाबरोबर लिहिलेली ‘चंद्र उगवला’ ही पटकथा निक्कात्सु कंपनीसाठी तनाका यांनी करावी, असे ठरले होते. पाच मोठ्या कंपन्यांनी आपसात करार करून आपले कलावंत दुसऱ्याकडे जाऊ नयेत अशी तटबंदी घातली होती, आणि पुन्हा निर्मितीत उतरलेली निक्कात्सु त्या तटबंदीच्या बाहेर होती. त्यामुळे वाद तसाही पेटलेला होताच. पण दिग्दर्शक संघाचे अध्यक्ष असलेल्या मिझोगुचींनी तनाका यांच्या दिग्दर्शनालाच विरोध केला. दिग्दर्शन करण्याएवढी बुद्धी त्यांच्याकडे नाही, अशा अर्थाचे त्यांचे उद्गार नोंदवलेले आहेत. ओझू मात्र तनाकांच्या बाजूने ठाम राहिले आणि १९५५ च्या सुरुवातीला चित्रपट प्रदर्शित झाला. चौदा वर्षे जिच्या शोधक बुद्धीवर आपले चित्रपट उभे राहिले, तिच्या बुद्धीबद्दल मिझोगुचींनी असे म्हणावे, याचे मला आजही वाईट वाटते, आणि ते त्यांच्या चित्रपटांवरच्या माझ्या प्रेमासकट वाटते. त्यानंतर दोघांनी एकत्र काम केले नाही. १९५६ मध्ये मिझोगुची वारले.

‘चंद्र उगवला’ हा गोड आणि नीटस चित्रपट आहे, पण त्यावर ओझूंची छाया गडद आहे. तनाका यांची स्वतःची नजर पहिल्यांदा पूर्णपणे दिसते ती त्याच वर्षीच्या ‘चिबुसा यो एइएन नारे’, म्हणजे ‘स्तनांनो, चिरंतन व्हा’, या चित्रपटात. स्तनाच्या कर्करोगाने १९५४ मध्ये, वयाच्या ३१ व्या वर्षी गेलेल्या फुमिको नाकाजो या तांका हा छोटा जपानी काव्यप्रकार लिहिणाऱ्या कवयित्रीच्या जीवनावर तो आहे आणि पटकथा सुमिए तनाका यांची आहे; आडनाव सारखे असले तरी दोघींचे नाते नाही. नवऱ्याने फसवलेली, घटस्फोट घेतलेली, दोन मुलांची आई असलेली होक्काइदोतली ही बाई कविता लिहू लागते आणि तिचे नाव होऊ लागते तोच आजार तिला गाठतो. शस्त्रक्रियेनंतरचा एक प्रसंग मी कितीही वेळा आठवला तरी त्याची धार कमी होत नाही. फुमिको एका मैत्रिणीकडे आंघोळीला जाते. या मैत्रिणीच्या दिवंगत नवऱ्यावर तिचे मनोमन प्रेम होते. गरम पाण्याच्या हौदात गळ्यापर्यंत बसून ती खिडकीतून मैत्रिणीशी बोलते, तुझा नवरा जेथे आंघोळ करायचा तेथेच मला यायचे होते असे मोकळेपणाने सांगून टाकते, आणि मग आपली कापलेली छाती तिला दाखवते. मैत्रीण दचकून मागे सरते. कॅमेरा ती छाती आपल्याला दाखवत नाही. आपण पाहतो ते पाहणारीचा चेहरा आणि दाखवणारीचा ताठपणा. या प्रसंगात दया नाही. फुमिको सुखी नाही, शहाणी नाही, उदात्त तर नाहीच. ती हावरी आहे, उरलेल्या दिवसांसाठी आणि शरीरासाठी हावरी. १९५५ च्या जपानी चित्रपटात मरणाऱ्या बाईला शांतपणे, सोसत मरण्याची मुभा होती. हावरेपणाची नव्हती, आणि ती तनाका यांनी दिली.

हे मिझोगुचींपेक्षा वेगळे कसे, हे पाहायचे असेल तर दोन चित्रपट शेजारी ठेवावेत. १९४८ च्या ‘रात्रीच्या स्त्रिया’ या मिझोगुचींच्या चित्रपटात तनाका यांनी फुसाको ही युद्धविधवा केली. मूल क्षयाने जाते, ज्याचा आधार वाटला तो पुरुष फसवतो, आणि ती ओसाकाच्या रस्त्यावर येते. शेवटी बॉम्बहल्ल्यात मोडलेल्या चर्चच्या आवारात मारहाण होते, आक्रोश होतो, आणि कॅमेरा काचेवरच्या मेरी आणि बालयेशूच्या चित्राकडे वर जातो. तनाकांचा अभिनय त्यात थरकाप उडवणारा आहे. पण दुःखाला पवित्र करून सोडून देणारा तो शेवट मला नेहमी अपुरा वाटत आला आहे. वेश्याव्यवसायावर बंदी आणणारा कायदा १९५६ मध्ये संमत झाला आणि १९५८ मध्ये पूर्णपणे लागू झाला. त्यानंतर १९६१ मध्ये तनाका यांनी ‘फक्त स्त्रियांची रात्र’ हा चित्रपट केला. त्यातली कुनिको सुधारगृहात आहे. सुटल्यावर ती किराणा दुकानात काम करते, मग कारखान्यात, मग गुलाबांच्या बागेत. प्रत्येक ठिकाणी तिचा भूतकाळ कळतो, आणि प्रत्येक ठिकाणी त्याची किंमत वेगळ्या रीतीने वसूल केली जाते: मालकीण तिरस्कार करते, कारखान्यातल्या मुली छळतात, आणि जो तिच्यावर मनापासून प्रेम करतो त्याच्या घरचे कुळाचा मोठेपणा आडवा घालतात. पगार किती, राहायचे कुठे, रविवारी बाहेर पडल्यावर काय बोलायचे, असे प्रश्न या चित्रपटात आहेत. कायद्याने व्यवसाय बंद केला, पण त्या स्त्रियांना काम देणारा समाज कोठे होता, हा सार्वजनिक प्रश्न तनाका यांनी विचारला, आणि आकाशाकडे न पाहता विचारला. तेरा वर्षांपूर्वी त्याच विषयाच्या आत, फुसाकोच्या कातडीत राहून आल्यामुळे त्यांना तो तसा विचारता आला, असे मी मानतो.

यावर आक्षेप घेतले जातात आणि त्यांतले काही योग्यही आहेत. सहाही चित्रपट सारख्या ताकदीचे नाहीत. १९६० चा ‘भटकी राजकन्या’, चीनचा शेवटचा सम्राट पुयी याच्या भावाशी लग्न लावून दिलेल्या जपानी उमराव स्त्रीच्या आठवणींवर आधारलेला रंगीत चित्रपट, मांचुरियावरच्या जपानी सत्तेच्या अत्याचारांना पुरेशा धीटपणे भिडत नाही. नायिकेच्या सभ्य दुःखात ते विरघळून जातात. १९६२ चा शेवटचा ऐतिहासिक चित्रपट देखणा आहे, पण जड चालीचा आहे. पहिल्या दोन्ही पटकथा पुरुष मित्रांच्या होत्या. हे सगळे मान्य. परंतु सहा चित्रपटांत दोन ठळक, दोन चांगले आणि दोन कमी जमलेले, हे प्रमाण कोणत्याही पुरुष दिग्दर्शकाच्या पहिल्या नऊ वर्षांशी ताडून पाहावे. ओझूंचे सुरुवातीचे कितीतरी चित्रपट हॉलिवूडच्या सावलीत आहेत, आणि त्यांना आपण घडण्याचा काळ म्हणून आदराने पाहतो. घडण्याचा काळ हा हक्क काहींनाच का?

दुसरा आक्षेप असा की १९६२ नंतर त्यांनी दिग्दर्शन सोडले ते स्वतःहून, त्यांना कोणी अडवले नव्हते. येथे उद्योगाची स्थिती पाहावी लागते. जपानमध्ये १९५८ साली चित्रपटगृहांत ११२ कोटींहून अधिक तिकिटे विकली गेली. १९६३ पर्यंत हा आकडा सुमारे ५१ कोटींवर आला होता. दूरचित्रवाणी घराघरांत पोहोचली होती. कंपन्यांनी हात आखडता घेतला की आधी कोणाच्या चित्रपटावर काट मारली जाते, हे ओळखायला फार विचार करावा लागत नाही. त्यांच्या मागून स्त्रियांची रांग तयार झाली नाही, कारण भरतीची वाट बदललीच नव्हती. साचिको हिदारी या दुसऱ्या नामवंत नटीने १९७७ मध्ये चित्रपट दिग्दर्शित केला तो रेल्वे कामगारांच्या संघटनेच्या पाठबळावर, मोठ्या कंपन्यांच्या चौकटीबाहेर.

वयाचा मुद्दाही येथेच येतो. सेत्सुको हारा यांनी चाळिशी ओलांडताच चित्रपट सोडला आणि १९६३ पासून २०१५ मध्ये निधन होईपर्यंत त्या कामाकुरात लोकांच्या नजरेआड राहिल्या. तो त्यांचा निर्णय, आणि त्याचा मान राखला पाहिजे. पण त्या अदृश्य होण्याचे जेवढे कौतुक झाले, त्यावरून नटीने तरुण चेहऱ्यासकट निघून जावे हीच प्रेक्षकांची मनोमन इच्छा असते की काय, अशी शंका येते. तनाका उलट दिशेने गेल्या. चाळिशीतच त्यांनी नारुसेंच्या ‘आई’ या चित्रपटात धोब्याच्या दुकानाचा भार उचलणारी आई केली, आणि अठ्ठेचाळिसाव्या वर्षी किनोशितांच्या ‘नारायामा’मध्ये ६९ वर्षांची ओरिन केली. सत्तरीला पोहोचलेल्या म्हाताऱ्यांना डोंगरावर नेऊन सोडायची चाल असलेल्या गावातली ही म्हातारी. आपले दात अजून धड आहेत याची तिला लाज वाटते, म्हणून ती ते दगडी जात्यावर आपटून पाडते. या भूमिकेसाठी तनाका यांनी आपले पुढचे दात काढून घेतले, ही गोष्ट जेथे तेथे सांगितली जाते. माझ्या मते ती गरजेपेक्षा फार जास्त सांगितली गेली आहे. तिच्यामुळे कौशल्य मागे पडते आणि त्याग पुढे येतो, आणि बाईच्या कामात त्याग पाहायला आपण सगळेच सरावलेले आहोत. त्यापेक्षा डोंगरावरचा प्रसंग पाहावा. वर बोलायचे नाही असा नियम आहे. बर्फ पडू लागतो, तो शुभशकुन मानला जातो, म्हणून मुलगा नियम मोडून आईला सांगायला परत धावत येतो. ओरिन डोळे मिटून बसली आहे. ती फक्त हात हलवते, जा म्हणून. मनगटाच्या त्या लहानशा हालचालीत मुलावरची माया आहे, नियम मोडल्याबद्दलची दटावणी आहे, आणि त्याने लवकर गेले नाही तर आपलाच निर्धार सुटेल हा धाकही आहे.

१९७४ मध्ये केइ कुमाई यांच्या ‘सान्दाकान क्रमांक ८’ या चित्रपटात त्या ओसाकी झाल्या. क्यूशूजवळच्या आमाकुसा बेटांवरून गरीब मुलींना बोर्निओच्या कुंटणखान्यांत विकले जाई. त्यांतली एक म्हातारी होऊन पडक्या झोपडीत मांजरांबरोबर राहते आणि तिची हकिकत जाणून घ्यायला एक संशोधक तरुणी येते. निघताना तरुणी पैसे देऊ पाहते, तर ओसाकी तिने वापरलेला टॉवेल मागते, आणि तो मिळाल्यावर त्यात तोंड खुपसून ढसाढसा रडते. बर्लिन महोत्सवात १९७५ मध्ये तनाका यांना सर्वोत्तम अभिनेत्रीचे रौप्य अस्वल मिळाले ते याच कामासाठी, वयाच्या पासष्टाव्या वर्षी. फुसाको, कुनिको, ओसाकी: एक भूमिका केली, एकीला दिग्दर्शित केले, पुन्हा एक भूमिका केली, आणि सव्वीस वर्षांत एकाच प्रश्नाच्या तीन बाजू मांडल्या. हे तीन वेगवेगळ्या दिग्दर्शकांच्या नावांखाली तीन वेगळ्या कप्प्यांत ठेवले की दिसेनासे होते. म्हणूनच कलावंताचे काम सलग लावण्याचा आग्रह मी धरतो.

२१ मार्च १९७७ रोजी त्या गेल्या. माइनिची वृत्तपत्राच्या चित्रपट पुरस्कारांत १९८५ पासून त्यांच्या नावाचा पुरस्कार आहे, शिमोनोसेकीत जुन्या टेलिफोन कार्यालयाच्या इमारतीत २०१० पासून त्यांच्या नावाचे स्मृतिदालन आहे. दोन्ही गोष्टी चांगल्या आहेत. पण तो पुरस्कार अभिनेत्रींना दिला जातो. दिग्दर्शन करणाऱ्या स्त्रीसाठी तो नाही. त्यांचे सहाही चित्रपट दुरुस्त होऊन जगासमोर एकत्र यायला २०२१ उजाडावे लागले, तेव्हा ‘चंद्र उगवला’ कान महोत्सवाच्या जुन्या चित्रपटांच्या विभागात आणि सगळे सहा लियोंच्या ल्युमिएर महोत्सवात दाखवले गेले. त्यांच्या निधनाला तोवर चव्वेचाळीस वर्षे झाली होती.

आपल्याकडे जपानी चित्रपट पोहोचला तो मुख्यतः फिल्म सोसायट्यांतून आणि पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूट व चित्रपट संग्रहालयाच्या खेळांतून, आणि तो दिग्दर्शकांच्या नावांनीच पोहोचला. त्या चळवळीने मराठी प्रेक्षकाची दृष्टी घडवली, याबद्दल मी कृतज्ञ आहे. परंतु दिग्दर्शकाच्या नावाने महोत्सव भरवण्याची सवय इतकी मुरली आहे, की आपल्या घरच्या माणसांनाही तोच नियम लागतो. दुर्गा खोटे तनाकांहून चारच वर्षांनी मोठ्या. ‘अयोध्येचा राजा’तली तारामती आणि ‘मुघल-ए-आझम’मधली जोधाबाई सगळ्यांना आठवतात; पण त्यांनी चालवलेली निर्मितिसंस्था, तिने केलेले लघुपट आणि जाहिरातपट, ‘वागले की दुनिया’ त्याच संस्थेची निर्मिती होती ही गोष्ट, किती अभ्यासक्रमांत शिकवली जाते?

म्हणून माझी सूचना अगदी साधी आणि करता येण्याजोगी आहे. पुढच्या वेळी एखाद्या संस्थेने मिझोगुची महोत्सव ठरवला, तर त्याऐवजी तनाका महोत्सव भरवावा: ‘रिकुगुन’, ‘ओहारू’, ‘नारायामा’, ‘सान्दाकान’ आणि त्यांच्या जोडीला त्यांनी दिग्दर्शित केलेले निदान तीन. ‘रात्रीच्या स्त्रिया’ आणि ‘फक्त स्त्रियांची रात्र’ एकाच संध्याकाळी, याच क्रमाने दाखवावेत. मिझोगुची त्यात येतीलच, ओझू आणि किनोशिताही येतील. फक्त परिपत्रकावर त्यांची नावे तनाकांच्या नावाखाली असतील, आणि चर्चेला बसणाऱ्यांना काचेवरच्या मेरीबद्दल बोलून झाल्यावर कुनिकोच्या पगाराबद्दलही बोलावे लागेल.